हे झालं त्यांचं

आप्पा,

तुमच्या नावाच्या चौकातला सिग्नल फार वेळ लाल राहतो. तक्रार क्षुल्लक वाटेल, पण तुम्ही गेल्यापासून तुमच्याबद्दल लेखी तक्रार करायची वेळ माझ्यावर पहिल्यांदाच आली आहे, तेव्हा ती गांभीर्याने घ्यावी. चार रस्ते आहेत. चारही बाजूंना आळीपाळीने हिरवा मिळतो, इथपर्यंत ठीक. पण मग मध्येच अशी एक वेळ येते की चारही बाजू लाल. कोणीच जात नाही. रिक्षावाले, स्कूटरवाले, शाळेच्या बसवाले, आम्ही सगळे एकमेकांची तोंडं बघत उभे असतो, जणू समोरच्याचं म्हणणं नीट समजून घेतल्याशिवाय कोणी पुढे जायचंच नाही असा नियम आहे. महापालिकेत अर्ज दिला. तिथले इंजिनियर फार नम्रपणे म्हणाले, "मॅडम, ती वेळ पादचाऱ्यांसाठी आहे." पादचारी त्या वेळात कधीच रस्ता ओलांडत नाहीत, ते आमच्या हिरव्यात ओलांडतात. परवा एका रिक्षावाल्याने वैतागून इंजिन बंद केलं आणि तुमच्या पाटीकडे बघत विचारलं, "ये किसका नाम है मॅडम? बहुत टाइम खाता है." म्हटलं, "वकील थे." तो म्हणाला, "तभी."

मी हसले. पण घरी पोचेपर्यंत ते हसू उतरलं, कारण तुमच्यावरचा मूळ आरोप तोच आहे. वेळ खाल्ल्याचा. त्याचा निकाल लागायचा राहिलाय, आणि गेल्या महिन्यात तो खटला पुन्हा माझ्या पुढ्यात आला.

एका दुपारी फोन आला. बाई अदबीने बोलत होत्या. उलव्याहून बोलतेय, म्हणाल्या, आणि सासऱ्यांचं नाव सांगितलं. नाव ऐकून मी फोन एका कानावरून दुसऱ्या कानावर घेतला. तुमचे ज्युनियर, आप्पा. तुमची बॅग उचलणारे, माझ्यासाठी पनवेलहून येताना चिक्की आणणारे, मी काका म्हणायची ते. तुमच्याविरुद्ध निवडणुकीला उभे राहिले आणि तुम्हाला पाडलं, ते. त्यानंतर ते पुन्हा पुन्हा निवडून आले, राज्यमंत्री झाले, आणि अंगावर इतक्या शाली पडल्या की पेपरातल्या माझ्या सदरात मी त्यांचं नावच शालवाले ठेवलं होतं. तुमच्या मुलीचं पोट गेली कित्येक वर्षं त्या शालींच्या उबेवर चाललंय असं म्हटलं तरी चालेल. सूनबाई म्हणाल्या, "बाबांचा गौरवग्रंथ काढतोय. पंच्याहत्तरी आहे. लेख कोणाकोणाचे घ्यायचे विचारलं तर त्यांनी पहिलं तुमचं नाव सांगितलं." मी विचारलं, "त्यांची तब्येत बरी नाही का?" "अर्धांगवायू झालाय. बोलणं कमी झालंय. पण डोकं एकदम शाबूत आहे हो, शुद्धीत सांगितलंय." म्हटलं, नकार द्यायला प्रत्यक्ष येते. फोनवर नकार देणं मला कधीच जमलेलं नाही. समोरच्याचा चेहरा दिसला नाही तर मजा काय.

तुम्हाला ते पुस्तक आठवतं का? तुमच्या ऑफिसात, म्हणजे आपल्या घराच्या पडवीत, कायद्याच्या जाड पुस्तकांच्या शेजारी एक इंग्रजी पुस्तक होतं. मुखपृष्ठ नाही, पहिली पानं नाहीत, आणि शेवटची बरीच पानं वाळवीने खाल्लेली. लॉ कॉलेजच्या लायब्ररीने रद्दीत काढलं तेव्हा तुम्ही उचलून आणलं होतं. कोणा स्कॉटिश वकिलाचं आत्मचरित्र होतं. नाव ज्या पानांवर होतं ती पानंच नव्हती, म्हणून आपल्या घरात त्याला 'स्कॉटलंडवाला' म्हणत. मेंढपाळाच्या घरातला मुलगा, थंडीत अनवाणी शाळेत गेला, एडिंबराच्या कोर्टात उभा राहिला, मग लोकांनी आग्रह करून राजकारणात ढकललं. तुम्ही मिठागराच्या बांधावरून अनवाणी शाळेत गेलेले, गावातले पहिले वकील. तुम्हाला तो माणूस आपल्याच आळीतला वाटला तर नवल नाही. त्याची पद्धत तुम्ही जशीच्या तशी उचलली होती. युक्तिवादाला उभं राहिलं की आधी प्रतिपक्षाची बाजू मांडायची. नुसती मांडायची नाही, अशी मांडायची की प्रतिपक्षाने मान हलवून म्हणावं, हो, हेच माझं म्हणणं. ती मान हलल्याशिवाय स्वतःचं तोंड उघडायचं नाही. मग मनगटावरचं घड्याळ काढून टेबलावर ठेवायचं, एकदा त्याच्याकडे बघायचं आणि म्हणायचं, "हे झालं त्यांचं. आता माझं." पनवेलच्या कोर्टात हे वाक्य ऐकायला इतर वकील मागे येऊन उभे राहायचे, असं काकाच मला सांगायचे.

राजकारणात शिरल्यावर त्या स्कॉटलंडवाल्याचं पुढे काय झालं, हे मात्र तुम्हाला कधीच कळलं नाही. ती पानं वाळवीकडे होती. इतका अपुरा सल्ला घेऊन कोणी निवडणुकीला उभं राहिलं नसेल.

घरातही तोच कायदा. मी आणि आई भांडलो की तुम्ही पाटावर बसून ऐकायचात आणि मला म्हणायचात, "आधी आईचं सांग." एकदा मोरा बंदरावरच्या मामाने पाठवलेल्या सुक्या बोंबलांपैकी काही गायब झाले. मला आठवतंय, आई चुलीपुढे बसलेली आहे, ओला हात पदराला पुसून तुमच्या घड्याळाला चावी देतेय. ते तिचं रोजचं काम होतं, तुम्ही निघायच्या आधी. आणि चावी देता देता ती म्हणतेय, "हिनंच भाजून खाल्ले. मना वास आला." मी म्हणतेय, मांजर. तुम्ही दोन्ही बाजू ऐकता आणि गंभीरपणे सांगता, "स्कॉटलंडात तीन निकाल असतात. गुन्हा शाबीत, गुन्हा नाही, आणि तिसरा, शाबीत झालं नाही. इथे तिसरा." आई घड्याळ तुमच्या हातात देते. "म्हंजे खाल्ले का नाय खाल्ले?" तुम्ही म्हणता, "म्हणजे आपल्याला माहीत नाही, आणि माहीत आहे असं दाखवायचंही नाही." आई म्हणते, "तुमच्या स्कॉटलंडात मांजरां फार असतील." हल्ली तिकडेही तो तिसरा निकाल काढून टाकला म्हणे. तुम्हाला वाईट वाटलं असतं.

मग तिकीट आलं. नव्या शहरासाठी गावांच्या जमिनी घेतल्या होत्या, शेतं आणि मिठागरं, आणि वाढीव मोबदल्याचे दावे तुम्ही लढत होतात. ज्या वकिलाच्या पडवीत अर्धा तालुका बसतो त्याला कुठला पक्ष सोडेल? पहिल्यांदा तुम्ही सहज निवडून आलात. विधानसभेत उभे राहिलात की मंत्र्यांची बाजू मंत्र्यांपेक्षा चांगली मांडायचात. मंत्री खूश व्हायचे आणि तिथेच उठून जायचे. तुमचं 'आता माझं' ऐकायला थांबायचे नाहीत. हे हसून सांगायचात तुम्ही. मला तेव्हाच कळायला हवं होतं की कोर्टात समोरच्याला बसून राहावं लागतं आणि सभागृहात लागत नाही, एवढाच काय तो फरक आहे आणि तो फार मोठा आहे. पण मी कॉलेजात होते, मला तुम्ही उंच दिसायचात.

दुसऱ्या निवडणुकीत काका समोर उभे राहिले. त्यांचं म्हणणं साधं होतं. दावे मागे घ्या, बदल्यात सरकार देतंय तो प्लॉट आत्ता घ्या. तुमचं म्हणणं, दावा सोडू नका, न्यायाचा भाव पूर्ण घ्या. प्रचाराचा शेवटचा दिवस, शाळेमागचं मैदान. संध्याकाळी पाचला प्रचार संपणार, त्यानंतर माइक बंद, हा आयोगाचा नियम. मी बायकांच्यात मागे बसले आहे. तुम्ही उठता. "आधी त्यांचं सांगतो," म्हणता, आणि सांगायला लागता. काय बोललात आप्पा त्या दिवशी. तारखा घेत म्हातारी झालेली माणसं, हातात काही न पडता गेलेली माणसं, मोबदल्याची वाट बघत गावाबाहेर भाड्याने राहणारी पोरं. आजचा प्लॉट हातात असणं म्हणजे काय ते तुम्ही असं सांगितलंत की माझ्या पुढची म्हातारी कोळीण रडायला लागली. लोकांनी टाळ्या वाजवल्या. तुमच्याच कार्यकर्त्यांनी वाजवल्या. मग तुम्ही पाण्याचा घोट घेतलात आणि म्हणालात, "हे झालं त्यांचं. आता माझं." आणि माइक बंद झाला. खाली उभ्या असलेल्या इन्स्पेक्टरने हात वर केला होता. पाच वाजले होते. तुमचे ओठ हलताना मला दिसले, मग तेही थांबले. वेळ संपल्यावर तुम्ही कुठल्याच कोर्टात एक शब्द जास्त बोलला नव्हतात, तिथेही नाही बोललात.

मोठ्या फरकाने पडलात. त्यानंतर कितीतरी दिवस आख्ख्या पट्ट्यात 'आता माझं' हे वाक्य चालू होतं. नळावर रांग मोडायची तर 'आता माझं'. मासळीबाजारात पाटी उलटली तर 'आता माझं'. तुम्ही ऐकलंत की हसायचात, फार छान हसायचात, मला ते बघवत नसे. एकदा जेवताना विचारलं मी, "आप्पा, पुढे काय बोलणार होतात?" तुम्ही भाकरीचा तुकडा मोडत म्हणालात, "कोर्ट उठलं की वकिलाने बोलू नये." आई म्हणाली, "जेवा गप." विषय संपला. तुमच्या शेवटच्या आजारपणातही मी तो काढला नाही.

त्या दिवसापासून एक शंका माझ्या मनात आहे आणि ती मी कोणाला बोलून दाखवलेली नाही, तुमच्या शोकसभेतही नाही आणि पाटीच्या अनावरणातही नाही. तुमच्याकडे दुसरा भाग होताच का? की काकांची बाजू मांडता मांडता ती तुम्हालाच पटली, आणि तुम्ही पाच वाजू दिलेत? पहिलं खरं असेल तर तुम्ही एका सवयीपायी हरलेला चांगला माणूस. दुसरं खरं असेल तर तुम्ही कोण, हे मला नीट सांगता येत नाही. रात्रंदिवस घसा बसवणारे कार्यकर्ते होते, त्यांना भाकऱ्या थापून घालणारी आई होती, तुमच्या शब्दावर दावे न सोडता बसलेली घरं होती. त्यांचं वकीलपत्र घेऊन तुम्ही समोरच्याला खटला देऊन टाकलात असा त्याचा अर्थ होतो. कोर्टात असं केलं असतं तर सनद गेली असती.

मी कायद्याचा अभ्यास सोडून पेपरात चेष्टेखोर सदर लिहायला लागले ते याच काळात. माझा पहिला लेख तुम्ही चष्मा पुसून वाचलात. लेख काकांवरच होता. "छान लिहितेस," म्हणालात. "पण हे वाचून तो म्हणेल का, हो, हा मीच?" मी म्हटलं, "त्यांनी कशाला म्हणायला हवं? वाचकांनी म्हणायला हवं." तुम्ही पेपरची घडी घातलीत. एवढंच. ओरडला असतात तर बरं झालं असतं.

तर उलव्याला गेले. त्यांची इमारत इतकी उंच आहे की खिडकीतून नवं विमानतळ पाटावर मांडल्यासारखं दिसतं. त्याच्या खाली कोणाकोणाची शेतं होती ते तुम्ही नावानिशी सांगितलं असतंत. काका चाकाच्या खुर्चीत होते, अंगावर शाल. मला हसू आलं आणि ते त्यांनी पाहिलं. तोंडाची एक बाजू पडलीय, दुसऱ्या बाजूने बोलतात. मंत्रालयात शिकलेली भाषा आजाराने नेली, गावची तेवढी राहिली.

"बाय," म्हणाले. "आलीस."

"नाही म्हणायला आलेय, काका."

"बस. बसून… म्हन."

सूनबाईंनी चहा आणला, स्वतःही स्टुलावर बसल्या. मी माझं छोटंसं भाषण पाठ करून गेले होते, बाणेदार होतं. काकांनी चांगला हात वर करून मला थांबवलं, त्या इन्स्पेक्टरसारखंच. "इतकी वर्सं… लिवलंस. येकदा… आदी माजं सांग. तुज्या बापसासारखं."

मला वाटलं, सोपं आहे. म्हटलं, "तुम्हाला आमदार व्हायचं होतं."

ते विचारात पडले. "व्हायचं… व्हतं. पन ते नंतर." मान काही हलली नाही.

"आप्पांची बॅग उचलून कंटाळा आला होता."

ते हसले, खांदे हलले, मान डावीउजवीकडे गेली. सूनबाई म्हणाल्या, "मलाही ऐकायचंय हां हे. आमच्याकडे कोणी सांगतच नाही." बाहेरून एक विमान गेलं, तेवढा वेळ कोणाचं काही ऐकू येईना. आणि त्या वेळात, आप्पा, मला आपल्या पडवीतलं बाकडं दिसलं. त्यावर प्रत्येक तारखेला एक म्हातारा येऊन बसायचा. धुतलेली पांढरी टोपी. कोर्टात जायचं नसलं तरी यायचा आणि विचारायचा, "आज लागंल का?" आणि तुम्ही आत अशिलांत गुंतलेले असायचात म्हणून उत्तर द्यायचं काम ज्युनियरकडे असायचं. ज्युनियर म्हणायचा, "पुढची तारीख." तो म्हातारा ज्युनियरचा बाप होता. मला हे माहीत होतं. सगळ्यांना माहीत होतं. मी त्याला पाणी नेऊन द्यायची. एका पावसाळ्यानंतर बाकडं रिकामं झालं आणि दावा चालूच राहिला, आणि इतक्या वर्षांत एवढी वाक्यं खरडताना ते बाकडं मला एकदाही आठवलं नव्हतं.

मी ते सांगितलं. सावकाश सांगितलं. म्हटलं, "तुम्ही स्वतःच्या वडिलांना दर वेळी पुढची तारीख सांगत होतात. आप्पा न्याय बघत होते, ते बरोबरच होतं, पण तुम्ही माणसांची वयं बघत होतात. जे अजून बाकड्यावर बसलेत त्यांच्या हातात ते असेपर्यंत काहीतरी पडावं, एवढंच तुमचं म्हणणं होतं. पूर्ण भाव नसला तरी. आणि हे तुम्ही उभं राहायच्या आधी आप्पांना येऊन सांगितलंही असेल."

मान हलली. आजाराने हलली म्हणायची सोय नव्हती, कारण आजाराने ती बाजूला जायची आणि ही सरळ खाली आली. सूनबाई उठून स्वयंपाकघरात गेल्या.

"हे झालं तुमचं," मी म्हटलं. "आता माझं. एकच प्रश्न आहे. त्या दिवशी आप्पांकडे पुढचं काही होतं का?"

काका बराच वेळ शब्द जुळवत बसले. मग एकेक करून दिले. "मी व्हतो… तितं. टेंपोच्या मागं." ज्या टेंपोवर तुमचे कर्णे बांधले होते, त्याच्यामागे. स्वतःचा प्रचार सोडून ते तुमच्या सभेला आले होते. मी म्हटलं, कशाला? म्हणाले, "माजी बाजू… माज्यापेक्षा बरी… कोन मांडनार? आयकाय आलतो." आणि मग म्हणाले, "साहेबांनी घड्याल काढलेलं. आदीपासून. टेबलावर. दोनदा बगितलं. मी… डोल्यांनी पायलं. त्यांना कललं व्हतं वेल झाली." थोडा श्वास घेतला. "सोडली… त्यांनी. मना. निवडनूक."

म्हणजे माझी शंका. मी जिला इतकी वर्षं बाहेर येऊ दिलं नाही ती या माणसाने शालीखाली जपून ठेवली होती, एखाद्या बक्षिसासारखी. मला तुमचा राग आला, आप्पा, खरंच आला. निघताना लिफ्टपाशी सूनबाई म्हणाल्या, "बाबा तुमचा प्रत्येक लेख वाचायचे हं. पक्षातले लोक चिडायचे, संपादकांना फोन करतो म्हणायचे. बाबा करू द्यायचे नाहीत. म्हणायचे, साहेबांची पोर आहे, तिची वेळ चाललीय, मध्ये बोलायचं नाही." लिफ्ट आली आणि गेली, मी तिथेच उभी होते.

घरी आले तर आई बाल्कनीत कोळंबी सोलत बसलेली. आता तिला कमी दिसतं, पण कोळंबीला डोळे लागत नाहीत. मी तिला सगळं सांगितलं, घड्याळासकट. मला वाटलं होतं ती तरी भडकेल. ती सोलत राहिली. मग म्हणाली, "घड्याल? बंद व्हतं ते."

"काय?"

"बंद. त्या आठवड्यात घरात कितीक मानसां जेवाय. भाकऱ्या थापू का घड्यालाला चावी देऊ? त्या दिवशी नाय दिली. संध्याकाली आला तवा मीच पायलं, दुपारीच थांबलेलं." कोळंबीचं डोकं तोडून तिने ताटलीत टाकलं. "तुजा बापूस बोलाय लागला का त्याला चूल जलते का घर जलतंय कलायचं नाय. बगितलं असंल दोनदा. वाटलं असंल, बख्खल वेल हाय."

मी विचारलं, "मग तू त्यांना कधी सांगितलं नाहीस?"

"त्याला कशाला सांगू? पडला तो पडला. वर त्याला सांगू का बायकोनं चावी नाय दिली म्हनून पडलास?" मग म्हणाली, "आनि त्या उलव्याच्या म्हाताऱ्याला तू सांगू नको. त्याला वाटतंय तर वाटू दे. तेवढ्यावर बसलाय तो."

आई खरं बोलत होती का, की तुम्हाला वाचवत होती? ती माझ्या बोंबलांच्या वेळी इतकी कडक होती, पण तुमच्या बाबतीत तिची साक्ष मी निःपक्षपाती धरू शकत नाही. आणि काकांची साक्षही नाही, कारण तिच्यात त्यांचा फायदा आहे, माणसाला आपल्या विजयाखाली कोणाचातरी आशीर्वाद हवा असतो. एक साक्षीदार म्हणतो घड्याळ बघितलं. दुसरी म्हणते घड्याळ बंद होतं. दोघंही खरं बोलत असू शकतात आणि तरी तुम्ही काय ठरवलं होतंत ते कळत नाही. तुम्ही थोर होतात की वेंधळे, की थकलेले, हे मला समजत नाही, आणि समजलंय असं दाखवायचंही नाही. तिकडे काढून टाकला असेल तो निकाल. आपल्या घरात अजून चालतो.

लेख लिहिला मी. काकांचंच सांगितलं त्यात. पांढरी टोपी, बाकडं, पुढची तारीख, आणि त्यांनी मिळवून दिलेल्या प्लॉटवर ज्यांनी म्हातारपणी हक्काचा उंबरा बघितला ती माणसं. ज्यांनी ते प्लॉट बिल्डरला विकून टाकले आणि आज त्याच इमारतीत वॉचमन आहेत, ती माणसं नाही घेतली. दावे लढत राहिलेल्यांना पुढे भाव वाढवून मिळाला, तेही नाही घेतलं. ते माझं आहे, आणि माझ्या सदरात त्याला वेळ भरपूर मिळालाय. घड्याळ कुठेच नाही. शाल नाही. शेवटी सवयीने मी लिहिलं होतं, 'हे झालं त्यांचं. आता माझं.' ते खोडलं आणि लेख तिथेच थांबवला. रबाळ्याच्या ज्या छापखान्यात ग्रंथ छापतायत तिथे स्वतः नेऊन दिला. तिथल्या माणसाने पानं उलटून विचारलं, "एवढाच? पुढचं पान राहिलं का मॅडम?" म्हटलं, नाही, वेळ आहे अजून, पण एवढंच आहे.

परत येताना तुमच्या चौकात थांबले. चारही बाजू लाल होत्या. मागच्या गाडीने हॉर्न दिला नाही, आश्चर्यच.

हे पत्र कुठे पाठवायचं हा प्रश्नच नाही, ते तुमच्या त्या पुस्तकात, शेवटची पानं नाहीत तिथे ठेवेन. फक्त एक कबूल करते. लेखातून मी आणखी एक वाक्य काढलंय. काकांवरचंच होतं, आणि आप्पा, इतकं चांगलं वाक्य मला गेल्या कित्येक वर्षांत सुचलेलं नाही. अजून रोज आठवतं आणि रोज वाटतं फोन करून परत घालावं. तुम्ही हसला असतात. तरी तुम्हालाही सांगत नाही.